कथेतला कालविधी रचताना: आधी फरक शोधा, दिवे मग लावा

कल्पित जगाच्या कथा लिहिणाऱ्यांची हस्तलिखितं माझ्याकडे वाचायला येतात. त्यांतला एक प्रसंग आता मला पाठ झालाय. पौर्णिमेची रात्र, गोल करून उभी असलेली माणसं, मधोमध शिळा. पांढऱ्या दाढीचा कुणीतरी हात वर करून ‘काळाच्या प्रवाहाशी एकरूप व्हा’ म्हणतो, सगळे डोळे मिटतात, वारा सुटतो. पुढच्या प्रकरणात जग होतं तसंच. तो विधी कापून टाकला तरी कथेला ओरखडासुद्धा येत नाही.

चूक वर्णनात नसते, क्रमात असते. लिहिणारा आधी शिळा, दिवे, मंत्र, पोशाख ठरवतो आणि विधी कशासाठी हे शेवटी चिकटवतो. काळाशी जुळवून घ्यायचं, तर आधी काहीतरी न जुळणारं असायला हवं. दोन मोजमापं एकमेकांपासून सरकलेली असतात, माणसं त्यांच्या मध्ये अडकलेली असतात. विधी म्हणजे त्या सरकलेल्या अंतराची सर्वांसमक्ष केलेली दुरुस्ती. अंतरच नसेल तर दुरुस्ती कसली करणार?

खाली जो क्रम दिलाय तो उलटसुलट करू नका. प्रत्येक टप्प्याला एकच कल्पित उदाहरण पुढे नेलंय: थारवण नावाचं खोरं आणि तिथला ‘गाठकाप’ हा विधी. दोन्ही माझ्या डोक्यातले.

## तयारी: लिहायला बसण्याआधी

एक कोरा कागद आणि हिशोबाला फोन, एवढं पुरे. कागदावर चार ओळी लिहायच्या: त्या जगात दिवस किती लांब, चंद्र असल्यास त्याचा महिना किती दिवसांचा, वर्ष किती दिवसांचं, आणि साधारण आयुष्य किती वर्षांचं. चौथी ओळ जवळजवळ सगळे विसरतात. पाचव्या टप्प्यात तिच्यावाचून अडतं.

जग पृथ्वीसारखंच असेल तर हे आकडे उतरवून घ्या. अमावास्येपासून अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस. असे बारा महिने म्हणजे ३५४ दिवसांच्या थोडं वर, आणि ऋतूंचं वर्ष ३६५.२४ दिवसांचं. दर वर्षी जवळपास अकरा दिवसांचा खड्डा. ताऱ्यांच्या हिशोबाने पृथ्वीची एक फेरी २३ तास ५६ मिनिटं ४ सेकंदांत पुरी होते, म्हणून कोणताही तारा रोज सुमारे चार मिनिटं आधी उगवतो.

थारवणचे आकडे असे: चंद्राचा महिना ३१ दिवसांचा, वर्ष ४०२ दिवसांचं, माणसं साठ-पासष्ट वर्षं जगतात. चंद्राचा महिना नेमका पूर्ण दिवसांचा असणं म्हणजे जरा लाडच आहे, पण पहिल्या प्रयत्नात हिशोब सोपा ठेवलेला बरा.

## टप्पा १: दोन घड्याळं निवडा

घड्याळ म्हणजे परत परत येणारी कोणतीही गोष्ट. चंद्राच्या कला, सूर्योदयाची जागा, नदीचा पूर, पक्ष्यांचं येणं, बुडत जाणारं भांडं. आपल्याकडचं घटिकापात्र २४ मिनिटांत बुडायचं आणि दिवसाला साठ वेळा भरायचं. चीनमध्ये जळणाऱ्या उदबत्तीवर वेळ मोजायचे. एका वासाची वडी संपून दुसऱ्या वासाची पेटली की डोळे मिटूनही कळायचं, प्रहर बदलला.

यातली दोनच घ्या. एक घड्याळ माणसांच्या हातातलं, म्हणजे ज्यावर देणीघेणी, लग्नं, पाळ्या चालतात. दुसरं माणसांच्या हाताबाहेरचं, ज्यावर पेरणी, पूर, थंडी चालते. तीन-चार घेतलीत तर वाचक मोजत बसेल आणि कथा बाजूला राहील.

थारवणमध्ये रोजचा व्यवहार चंद्रावर चालतो: तेरा महिने, ३१ दिवसांचे. शेती सूर्यावर. पूर्वेच्या डोंगरात एक खिंड आहे आणि ठरलेल्या दिवशी सूर्य तिच्यातून उगवतो. खरं तर नवं साल त्याच दिवशी लागायला हवं.

सावधान: दुसरं घड्याळ ‘विश्वाची स्पंदनं’ असलं काही ठेवू नका. जे पात्राला बघता, ऐकता किंवा हाताने चाचपता येत नाही, त्याच्याशी जुळलं की नाही हे ठरवणार कोण?

## टप्पा २: फरकाचा हिशोब मांडा

इथे आळस केलात तर पुढचं सगळं पोकळ राहतं.

मी स्वतः यात सपशेल आपटलोय. एका जुन्या कादंबरीच्या कच्च्या खर्ड्यात मी ‘दर वर्षी सर्वांत मोठ्या दिवसाच्या पौर्णिमेला’ असा विधी लिहिला होता. ऐकायला झकास. पहिल्याच वाचकाने समासात पेन्सिलीने लिहिलं, ‘दर वर्षी?’ सर्वांत मोठा दिवस सूर्याचा, पौर्णिमा चंद्राची. दोन्ही एका दिवशी आली तर पुढच्या वर्षी अकरा दिवसांनी सरकणारच. पुन्हा त्याच सुमारास यायला एकोणीस वर्षं लागतात, कारण १९ वर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ नेमके बसतात. मी ती दीडशे पानं ‘दर वर्षी’वर उभी केली होती. नंतर लक्षात आलं की ‘दर एकोणीस वर्षांनी’ ही कितीतरी दमदार कथा होती, आणि ती माझ्या नाकासमोर असून मला दिसली नाही.

थारवणचा हिशोब करू. तेरा महिने गुणिले ३१ म्हणजे ४०३ दिवस. वर्ष ४०२ दिवसांचं. म्हणजे दर वर्षी नवं साल सूर्याच्या मानाने एक दिवस उशिरा सुरू होतं. एका दिवसाचं कुणाला काही वाटत नाही. दहा वर्षांनी शेतकरी कुरकुरायला लागतात. एकतीस वर्षांनी फरक होतो ३१ दिवस, म्हणजे बरोब्बर एक महिना. इथे कथेने दार उघडलं. दर एकतिसाव्या वर्षी थारवणला एक अख्खा महिना गाळावा लागतो.

आपण ‘दुष्काळात तेरावा महिना’ म्हणतो ते अधिक महिन्यामुळे. या लोकांची म्हण उलटी असणार. त्यांचा तेरावा गायब होतो.

तपासून पाहा: दोन सुधारणांमधल्या सगळ्या दिवसांची बेरीज करा. तीस वर्षं ४०३ दिवसांची म्हणजे १२,०९०, अधिक एक बारा महिन्यांचं वर्ष ३७२ दिवसांचं. एकूण १२,४६२. तिकडे ४०२ गुणिले ३१ सुद्धा १२,४६२. जुळलं. तुमचं जुळत नसेल तर पुढे जाऊ नका.

## टप्पा ३: फरक कुणाला दिसतो, कशावरून?

आकडा तुम्हाला कळला, पात्रांना नाही. त्यांच्याकडे फोन नाही. त्यांना फरक दिसेल अशी एक जागा आणि एक माणूस हवा.

थारवणमध्ये तो माणूस म्हणजे खिंडकरी. एका ठरावीक शिळेवर उभं राहून तो रोज पहाटे सूर्य कुठून उगवतो ते बघतो. आता इथल्या बारकाव्यांकडे नीट लक्ष द्या. नेमक्या याच जागी लेखक घसरतात.

सूर्योदयाची जागा वर्षभर सारख्या वेगाने सरकत नाही. पृथ्वीवर सर्वांत मोठ्या आणि सर्वांत लहान दिवसाच्या आसपास ती कितीतरी दिवस जागची हलल्यासारखी वाटत नाही. म्हणजे ‘सूर्य टोकाला पोचला तो दिवस’ नुसत्या डोळ्यांनी ठरवणं महाकठीण, आणि कथांमध्ये नेमकं तेच एका नजरेत होतं. उलट दिवस-रात्र समान असतात त्या सुमारास ती जागा रोज जवळपास सूर्यबिंबाच्या रुंदीएवढी सरकते. आज खिंडीत, उद्या खिंडीच्या कडेला. दिवस पकडायचा असेल तर खिंड मधल्या पट्ट्यात ठेवा.

पण मधल्या पट्ट्यात ठेवली की सूर्य तिच्यातून वर्षातून दोनदा जाणार, एकदा उत्तरेकडे जाताना, एकदा दक्षिणेकडे परतताना. खिंडकऱ्याला कोणती फेरी धरायची हे माहीत हवं. नवख्या खिंडकऱ्याने उलटी फेरी धरली, तर तुमच्या हातात आयता प्रसंग आला.

शिळेचं म्हणाल, तर खिंड दोन किलोमीटरवर असताना बघणारा सतरा-अठरा मीटर बाजूला सरकला की सूर्य साधारण स्वतःच्या रुंदीएवढा सरकलेला दिसतो. म्हणजे शिळा एका रात्रीत तेवढी हलवली तर अख्ख्या खोऱ्याची तारीख एका दिवसाने चुकते. मला खलनायकाला जादूची काठी देण्यापेक्षा चार बैल आणि एक दोर देणं जास्त आवडतं.

तपासून पाहा: त्या दिवशी ढग आले तर काय? याचं उत्तर तुमच्या जगातल्या लोकांकडे तयार हवं. थारवणमध्ये आदल्या दिवशीच्या जागेवरून अंदाज चालतो, पण सलग तीन दिवस ढग असतील तर खिंडकऱ्याला ‘मला दिसलं नाही’ असं चारचौघांत सांगावं लागतं. ते सांगायची लाज, आणि न सांगता थाप मारायचा मोह, दोन्ही कथेच्या कामाचे.

## टप्पा ४: दुरुस्तीची पद्धत ठरवा

पद्धती चारच. भर घालणं, गाळणं, थांबणं, आणि सोडून देणं.

भर घालण्याचं उदाहरण म्हणजे अधिक मास किंवा लीप वर्षाचा दिवस. १९७२ ते २०१६ या काळात घड्याळांमध्ये २७ वेळा एकेक सेकंद घातला गेला, तोही याच जातीचा. गाळण्याचं उदाहरण १५८२ सालचं: जिथे नवं, म्हणजे आजचं ग्रेगोरियन कॅलेंडर लगेच स्वीकारलं तिथे ४ ऑक्टोबरनंतरचा दिवस १५ ऑक्टोबर होता. ब्रिटनने हेच १७५२मध्ये केलं, २ सप्टेंबरनंतर थेट १४. प्रशांत महासागरातल्या सामोआने तारखेच्या रेषेची बाजू बदलली तेव्हा २०११ सालचा ३० डिसेंबर तिथे उजाडलाच नाही. थांबणं म्हणजे बालीतला नववर्षाचा दिवस, न्येपी. त्या दिवशी आग नाही, काम नाही, रस्त्यावर माणूस नाही, विमानतळसुद्धा बंद.

सोडून देणं ही चौथी पद्धत लेखक विचारातच घेत नाहीत. इस्लामी कॅलेंडर शुद्ध चांद्र आहे. तिथे अकरा दिवसांचा फरक भरून काढत नाहीत, त्यामुळे प्रत्येक महिना साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतो. म्हणजे फरक ही चूकच आहे असं नाही. तुमच्या जगात एक जमात फरक दुरुस्त करणारी आणि शेजारची न करणारी असेल, तर तंट्याला वेगळं कारण शोधावं लागणार नाही.

सावधान: गाळला जातो तो दिवसाचा किंवा महिन्याचा हिशोब. नाव जातं, दिवस जात नाहीत. १५८२मध्ये ४ तारखेला झोपलेला माणूस १५ला उठला तो एकच रात्र झोपून. त्याची दाढी अकरा दिवसांची वाढली नव्हती. थारवणमध्येसुद्धा चंद्र आपला चाललेलाच असतो. ज्याला तेरावा म्हणायचं त्यालाच नव्या सालचा पहिला म्हणतात, एवढंच. ‘महिना गायब झाला आणि सगळे म्हातारे झाले’ असलं लिहायचं असेल तर ती वेगळी, जादूची कथा. तिला कालविधी म्हणू नका.

## टप्पा ५: विधीचे अवयव, याच क्रमाने

आता कुठे विधी. तो रचताना मी पाच अवयव धरतो: जाहीर करणं, जुनं तोडणं, मधली पोकळी, पुरावा, आणि पुन्हा सुरुवात. बहुतेक हस्तलिखितांत पहिलं आणि शेवटचं असतं. मधले तीन नसतात, म्हणून प्रसंग समारंभासारखा वाटतो.

मेक्सिकोतल्या अझ्टेक लोकांच्या नव्या अग्नीच्या विधीत हे पाचही स्पष्ट दिसतात. त्यांच्याकडे २६० दिवसांचं आणि ३६५ दिवसांचं अशी दोन चक्रं होती, आणि ती दोन्ही १८,९८० दिवसांनी, म्हणजे ५२ वर्षांनी एकत्र यायची. त्या वेळी घरोघरचे विस्तव विझवायचे, जुनी भांडीकुंडी फेकायची. काळोखात सगळे थांबायचे. मुलांना झोपू द्यायचे नाहीत, झोपली तर उंदीर होतील म्हणून. डोंगरावरचे पुरोहित कृत्तिका मध्यरात्री माथा ओलांडतात का ते पाहायचे. ओलांडल्या की एका बळी दिलेल्या माणसाच्या छातीवर नवा विस्तव घासून पेटवायचे आणि तो गावोगाव न्यायचे. असा शेवटचा विधी १५०७मध्ये झाला. यात माझ्या दृष्टीने सर्वांत मौल्यवान ती झोपाळलेली मुलं आहेत. देवांविषयी सांगून जे होत नाही ते एका पेंगणाऱ्या पोराला आईने काढलेल्या चिमट्याने होतं.

आता गाठकाप.

१. जाहीर करणं. एकतिसाव्या सालच्या बाराव्या महिन्यात खिंडकरी घरोघर जातो. प्रत्येक घरात दाराशी तेरा गाठींचा दोर टांगलेला असतो. महिना सरला की एक गाठ सोडायची. खिंडकरी काही बोलत नाही. शेवटच्या गाठीला काजळी लावून पुढे जातो.

२. तोडणं. बाराव्या महिन्याच्या शेवटच्या रात्री बारावी गाठ सुटते. तेरावी तशीच. ती सोडता येत नाही, कारण तो महिना कुणी जगलेलंच नाही. म्हणून घरातलं सर्वांत लहान बोलतं मूल ती गाठ दोरासकट कापतं. घट्ट, वर्षभर धूर खाल्लेली गाठ. मुलाच्या हातून पहिल्या फटक्यात कापली जात नाही, आणि कुणी मदत करायची नाही असा नियम आहे.

३. पोकळी. त्या रात्रीला तारीख नाही. बारावा संपला, पहिला लागलेला नाही. कुणी कुणाला नावाने हाक मारत नाही, कारण नाव ठेवलेल्या दिवसाचा हिशोब बंद आहे. ‘अहो’, ‘अगं’, ‘ए’ एवढ्यावर काम चालतं.

४. पुरावा. पहाटे सगळे शिळेमागे. हिशोब बरोबर असेल तर सूर्य खिंडीतून उगवायलाच हवा. पुन्हा गणित करून बघा: एकतिसावं साल तीस दिवस उशिरा लागलं, त्याचे बारा महिने म्हणजे ३७२ दिवस गेले, तीस अधिक ३७२ बरोबर ४०२. म्हणजे गाठ कापल्यानंतरची पहिलीच पहाट ही खिंडीची. हे मी ठरवून आणलेलं नाही, आकड्यांतून आपोआप आलं. दुसऱ्या टप्प्यातले कष्ट इथे फिटतात.

५. पुन्हा सुरुवात. कापलेला दोर आता आखूड झालेला असतो, त्याला तेरा गाठी बसत नाहीत. म्हणून शेजारच्या घरातून वीतभर दोर मागून जोडायचा. स्वतःच्या घरातला चालत नाही. ज्या शेजाऱ्याशी बोलणं बंद आहे त्याच्याकडे वीतभर दोर मागायला जाणारा माणूस तुम्हाला दिसतोय ना? मग विधी उभा राहिला.

तपासून पाहा: दोन विधींतलं अंतर आणि आयुष्य यांची तुलना करा. थारवणमध्ये एकतीस वर्षांचं अंतर, आयुष्य साठ-पासष्ट. म्हणजे माणूस हा विधी फार तर दोनदा, क्वचित तीनदा पाहतो. मग पद्धत लक्षात कोण ठेवणार? जपानमध्ये इसे इथलं देवालय दर वीस वर्षांनी शेजारच्या मोकळ्या जागेवर नव्याने बांधतात. २०१३मध्ये ते ६२व्यांदा झालं. वीस वर्षांच्या अंतराने एकाच सुताराला तरुणपणी शिकता येतं आणि पुढच्या खेपेला शिकवता येतं. एकतीस वर्षांना हे जड जातं. म्हणून गाठ मुलाकडून कापवून घेतली: कापणारं मूल पुढच्या वेळी पस्तिशीचं असेल आणि त्याच्या तळव्याला तो दोर आठवत असेल. विधीतली प्रत्येक विचित्र गोष्ट अशी कशाला तरी बांधलेली असावी. नुसती गूढ वाटते म्हणून ठेवलेली गोष्ट वाचक ओळखतो.

## टप्पा ६: नुकसान कुणाचं?

काळ जुळवला की कुणाचं तरी बिनसतं. ते शोधल्याशिवाय लिहायला बसू नका.

थारवणमध्ये तेराव्या महिन्यात जन्मलेल्यांचा वाढदिवस त्या साली येतच नाही. लहानपणी चिडवाचिडवी, पण वारसाहक्क वयावर ठरत असेल तर भांडण कोर्टात जाईल. ‘तेराव्याच्या अखेरीस देईन’ म्हणून घेतलेलं कर्ज: सावकार म्हणतो तेरावा नाही तर बाराव्यालाच दे, ऋणको म्हणतो तेरावा येईल तेव्हा देईन, पुढच्या साली. ‘तेरा अमावास्या’ शिक्षा झालेला कैदी आणि ‘सालभर’ शिक्षा झालेला कैदी एकाच दिवशी आत गेले तरी वेगवेगळ्या दिवशी सुटतील.

हे काही माझ्या कल्पनेचे खेळ नाहीत. सामोआत तो शुक्रवार गाळताना कामगारांना न केलेल्या दिवसाचा पगार द्यायचा का, हा प्रश्न आलाच, आणि द्यायचा असं ठरलं. ब्रिटनचं करवर्ष आजही ६ एप्रिल अशा आडनिड्या तारखेला सुरू होतं, त्याचं मूळ १७५२च्या गाळलेल्या दिवसांत आहे.

सावधान: नुकसान सगळ्यांचं सारखं ठेवलंत तर नाट्य मेलं. एकाचा तोटा दुसऱ्याचा नफा व्हायला हवा.

## टप्पा ७: घोषणा कुणाच्या तोंडून?

‘आज अमुक तारीख’ हे सांगायचा हक्क ज्याच्याकडे, त्याच्याकडे सत्ता. प्राचीन रोममध्ये जादा महिना घालायचा की नाही हे पुरोहितमंडळ ठरवायचं. आपल्या माणसाचा पदावरचा काळ वाढवायला आणि नावडत्याचा आटपायला त्यांनी तो अधिकार वापरला, असा आरोप तिथल्याच लोकांनी केलाय. गोंधळ इतका साठला की सगळं ताळ्यावर आणायला इसवी सनापूर्वी ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं.

आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवा. लोकांना आकाशाशी जुळण्यापेक्षा एकमेकांशी जुळण्याची गरज जास्त असते. सोव्हिएत संघात १९२९मध्ये कारखाने अखंड चालावेत म्हणून पाच दिवसांचा आठवडा आणला आणि कामगारांचे गट पाडून प्रत्येक गटाला वेगळी सुट्टी दिली. नवऱ्याची सुट्टी एका दिवशी, बायकोची दुसऱ्या. हिशोब चोख होता, पण घर एकत्र बसेना. दोन वर्षांत ती पद्धत बदलावी लागली आणि १९४०मध्ये सात दिवसांचा आठवडा परत आला. तुमच्या कथेतला राजा नवी कालगणना लादणार असेल, तर प्रजेचं बंड मैदानात दाखवण्याआधी एका घरात दाखवा.

## टप्पा ८: विधी चुकू द्या

बिनचूक पार पडलेला विधी कथेत फक्त एकदाच चालतो, तोही सुरुवातीला, वाचकाला नियम कळावेत म्हणून. दुसऱ्यांदा तो चुकायला हवा. कुठे चुकेल हे वरचे टप्पेच सांगतात: हिशोबात, शिळेवर, गाठ कापताना, शेजाऱ्याच्या दारात. एकच जागा निवडा. दोन ठिकाणी चुकवलात तर वाचकाला कशाचा परिणाम कशावर झाला ते कळत नाही.

चुकीची शिक्षा लगेच वीज पाडून देऊ नका. फरक हळूहळू साठतो, तशी शिक्षाही साठू द्या. पेरणी उशिरा, मग पाऊस आधी, मग जुन्या माणसांचं ‘आमच्या वेळी अशी थंडी नसायची’.

## टप्पा ९: पानावर उतरवताना

आतापर्यंतच्या हिशोबातलं नव्वद टक्के पानावर येता कामा नये. ४०२ आणि ४०३ हे आकडे वाचकाला एकदाही दिसले नाहीत तरी चालतील. त्याला दिसावा तो दोर.

प्रसंग अशा माणसाच्या नजरेतून लिहा ज्याला विधीत काहीतरी हवंय किंवा टाळायचंय. विधी समजावून सांगणारं वडीलधारं पात्र टाळा. ‘बाळ, आपले पूर्वज म्हणत’ ने सुरू होणारा परिच्छेद सापडला की मी पान उलटतो, आणि बाकीचे वाचकही उलटत असणार. त्याऐवजी दोन माणसं पद्धतीवरून भांडताना दाखवा:

‘आधी काजळी पुसायची, मग कापायची.’

‘मागच्या खेपेला पुसली नव्हती.’

‘मागच्या खेपेला तू केवढी होतीस गं? सहा वर्षांची.’

‘मीच कापली होती, काकू.’

चार ओळींत अंतर कळलं, मुलाकडून कापवतात हे कळलं, आठवण कुणाकडे असते आणि हक्क कोण गाजवतं तेही कळलं.

मंत्र लिहायचा मोह होईल. लिहायचाच तर एक ओळ, आणि तीही रोजच्या बोलीतली. गाठकापात मंत्र नाहीच. मुलाच्या हातात विळी देताना आई ‘बोट सांभाळ’ म्हणते, आणि खोऱ्यातल्या प्रत्येक घरात त्या रात्री हेच दोन शब्द ऐकू येतात. पिढ्यान् पिढ्या. काही घरांत आता ते विधीचेच शब्द समजले जातात आणि मूल नसलेलं म्हातारं जोडपंसुद्धा गाठ कापताना एकमेकांना तेच म्हणतं.

शेवटची तपासणी: खर्डा पुरा झाला की विधीचा प्रसंग काढून ठेवा आणि उरलेली कथा कुणालातरी वाचायला द्या. वाचणारा न अडखळता शेवटापर्यंत गेला, तर दुसऱ्या टप्प्यावर परत या. त्याने मधेच थांबून ‘हा माणूस शेजाऱ्याकडे का गेला, यांचं तर बोलणं बंद होतं ना?’ असं विचारलं, तर काढलेली पानं होती त्या जागी परत लावा.